माझी नोकरी १९९८ पासून, तरी २००१ ला लागलेल्या शिक्षकाला मुख्याध्यापक केलं. दाद कुठे मागू?

तुम्ही दिलेली माहिती अशी: अमळनेर तालुक्यातली अनुदानित माध्यमिक शाळा, तुम्ही १९९८ ला बारावी डी.एड. म्हणून पाचवी ते सातवीच्या वर्गांवर लागलात, २००४ ला बी.ए., २००८ ला बी.एड. समोरचे सर २००१ ला बी.ए. बी.एड. म्हणून रुजू झाले. संस्थेने गेल्या आठवड्यात त्यांना मुख्याध्यापकपदाचा आदेश दिला.

कडू वाटेल, पण एवढ्यावर तुमची बाजू लंगडी आहे. माध्यमिक शाळेत सेवाज्येष्ठता नुसत्या रुजू तारखेवर ठरत नाही. महाराष्ट्र खासगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) नियमावली, १९८१ मधली अनुसूची फ शिक्षकांना अर्हतेप्रमाणे प्रवर्गांत बसवते आणि हे प्रवर्ग उतरत्या क्रमाची शिडी आहे. पदवी अधिक बी.एड. हा क प्रवर्ग. ते सर पहिल्या दिवसापासून, २००१ पासून क मध्ये आहेत. तुम्ही क मध्ये २००४ ला आलात की २००८ ला, यावर वकील तासभर बोलू शकतील, पण दोन्ही तारखा २००१ नंतरच्याच. प्राथमिक शाळेत मात्र विहित अर्हता मिळाल्यापासूनची सलग सेवा हाच आधार असतो. स्टाफरूममधला निम्मा घोळ या दोन नियमांच्या सरमिसळीतून होतो.

तरी कागद बघितल्याशिवाय माघार घेऊ नका. तपासायचं ते हे: सरांच्या २००१ च्या नियुक्तीला शिक्षणाधिकाऱ्याची मान्यता पूर्णवेळ पदावर होती की अर्धवेळ किंवा रजा कालावधीतली? मधे सेवाखंड आहे का? आणि सगळ्यात महत्त्वाचं, बी.एड.चा निकाल खरंच २००१ आधीचा आहे का? 'बी.ए. बी.एड.' असं यादीत लिहिलेलं असतं आणि गुणपत्रक काढलं की बी.एड. २००९ चं निघतं. तसं निघालं तर चित्र पालटतं, कारण तुमचं बी.एड. २००८ चं. मान्यता आदेश आणि सेवाज्येष्ठता याद्यांच्या प्रती माहिती अधिकारात शिक्षणाधिकारी (माध्यमिक) कार्यालयाकडे मागा. अर्जाला १० रुपये लागतात, मुदत ३० दिवसांची. दोघांची नियुक्ती तारीख एकच निघाली तर वयाने मोठा तो ज्येष्ठ.

पात्रता वेगळी मोजा. नियम ३ प्रमाणे पदवीनंतर किमान ५ वर्षं पूर्णवेळ अध्यापन आणि त्यातली किमान २ वर्षं बी.एड.नंतरची हवीत. शिवाय सेवेचा अभिलेख समाधानकारक हवा; 'असमाधानकारक' म्हणायचं तर संस्थेकडे वेळच्या वेळी दिलेले मेमो, गोपनीय अहवाल हवेत, ऐनवेळी लिहिलेला शेरा टिकत नाही. संस्थेच्या यावल, चोपड्याकडेही शाळा असतील तर (रात्रशाळा सोडून) सगळ्यांची यादी एकत्र लागते. म्हणजे कदाचित तुम्हा दोघांच्याही वर तिसराच कोणी असेल! त्याला डावललं असेल तर त्याचं स्वहस्ताक्षरातलं हक्कसोडपत्र आणि शिक्षणाधिकाऱ्याने त्याची केलेली खातरजमा फाइलमध्ये असायला हवी. टाइप करून खाली सही घेतलेला कागद दिसला की तिथेच बोट ठेवा.

आता मुदत. डावलून पदोन्नती दिल्याबद्दल खासगी शाळा कर्मचाऱ्यांच्या १९७७ च्या कायद्याच्या (वरची नियमावली याच कायद्याखालची) कलम ९ खाली शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं, आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांत. खान्देशासाठी ते नाशिकचं. नियमावलीच्या नियम १२ प्रमाणे ज्येष्ठतेचा वाद शिक्षणाधिकाऱ्याकडे जरूर द्या, पण तिथला अर्ज ही ३० दिवसांची घडी थांबवत नाही. 'साहेब सुनावणी लावणार आहेत' यात दिवाळी जाते, मग विलंबमाफीचा अर्ज करावा लागतो. माहिती अधिकारातल्या प्रतींसाठीही थांबू नका. अपील आधी दाखल करा, कागद मागून जोडा. अपिलात संस्था, शाळा, शिक्षणाधिकारी आणि नेमलेले सर, सगळ्यांना पक्षकार करा. सरांना वगळलंत तर तेवढ्यावरच अडकाल. आदेशाला स्थगितीही तिथेच मागता येते. पुढची पायरी मुंबई उच्च न्यायालयाचं औरंगाबाद खंडपीठ.

आदेशात 'प्रभारी' शब्द आहे का, पुन्हा वाचा. असेल तर संस्था म्हणेल की ही पदोन्नतीच नाही, अपील कसलं? तेव्हा कायम पद का भरत नाही, हे शिक्षणाधिकाऱ्याकडे लेखी विचारून पोच घ्या.

तुमच्या विरुद्ध जाईल अशी एक गोष्ट म्हणजे तुमचीच सही. दरवर्षी यादी फिरते, आपण न वाचता सही करतो. वीस वर्षं त्या सरांच्या खाली सही केली असेल तर 'तेव्हा हरकत का नाही घेतली?' हा पहिला प्रश्न येणार. जुन्या याद्या काढा, एखाद्या वर्षी 'हरकतीसह' लिहिलं असेल तर सोनं.

संस्थेत दोन गट आहेत आणि बदल अर्ज (कार्यकारी मंडळातल्या बदलाची नोंद) धर्मादाय कार्यालयात पडून आहे, असंही तुम्ही लिहिलंय. दुसरा गट आला की तुम्हाला बसवणार म्हणतो. त्या भरवशावर राहू नका, गट बदलला तरी यादीतला नंबर बदलत नाही.