आधी एक कादंबरी, सिद्धान्त नंतर

बडोद्यात राहून वसाहतोत्तर साहित्य (एकेकाळी परकी सत्तेखाली असलेल्या देशांचं लेखन) आणि निसर्ग हा अभ्यासाचा विषय घेतलास, फार बरं वाटलं! सिद्धान्ताचे जाड ग्रंथ वर्षभर बाजूला ठेव.

• अमिताव घोष यांची 'द हंग्री टाइड' (२००४) दोनदा वाच. सुंदरबनात राखीव जंगल जपायचं की तिथल्या मरिचझापी बेटावर वसलेल्या निर्वासितांना राहू द्यायचं, हा १९७९चा पेच त्यात आहे. मला तो अजून छळतो.
• सोबत ब्रिटिशांचा १८७८चा वन कायदा वाच. जंगल 'राखीव' कुणासाठी झालं, ते कळेल.

नवखे निसर्गाला नुसती पार्श्वभूमी समजतात. त्याहून मोठी चूक म्हणजे आदिवासींना झाडापानांत गणणं. त्यांच्या भाषा ऐक. छोटाउदेपूरकडे तेजगढला आदिवासी अकादमी आहे, एकदा जाऊन ये.