उमेदवारी अर्ज बाद झाला, निवडणुकीला स्थगिती मिळेल का?

प्रश्न : मी डॉक्टरांच्या जिल्हा संघटनेचा चौदा वर्षांपासून सभासद आहे. यंदा सरचिटणीसपदासाठी अर्ज भरला, तो छाननीत ‘थकबाकीदार’ म्हणून बाद केला. संघटनेच्या घटनेनुसार ३१ मार्चपर्यंत वर्गणी भरलेली असावी लागते. मी ती २९ मार्चला यूपीआयने भरली. खजिनदारांनी पावती फाडली ३ एप्रिलला. शिवाय अंतिम मतदार यादीनंतर ६२ नवी नावे घुसवली आहेत. मतदान दहा दिवसांवर आले आहे. सहकारी म्हणतात, थेट हायकोर्टात जाऊन स्थगिती आणा. काय करू?

उत्तर : डॉक्टर, नकोसे उत्तर आधी देतो. स्थगितीच्या मागे लागू नका. निवडणूक एकदा सुरू झाली की न्यायालये सहसा मध्ये हात घालत नाहीत. १९५२ च्या पोन्नुस्वामी खटल्यातही तक्रार उमेदवारी अर्ज बाद झाल्याचीच होती आणि सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, निवडणूक होऊ द्या, दाद नंतर मागा. तो वाद विधानसभेचा होता, पण संघटनांच्या वादातही हीच भूमिका दिसते. २०११ मध्ये सुप्रीम कोर्ट बार असोसिएशनच्या निवडणुकीचा वाद वर गेला, तेव्हा खालच्या न्यायालयाने ऐन निवडणुकीत दिलेला मनाई हुकूम सर्वोच्च न्यायालयाला पटला नाही. (निवडणुकीत भांडण्याच्या बाबतीत आम्ही वकील तुमच्या मागे नाही, हेही यावरून कळेल.)

हायकोर्टाचे म्हणाल, तर खासगी संघटनेच्या अंतर्गत निवडणुकीसाठी रिट याचिका (मुख्यतः सरकारी यंत्रणेविरुद्ध थेट हायकोर्टात करायचा अर्ज) सहसा टिकत नाही. आधी संघटनेची नोंदणी कुठे आहे ते पाहा. आपल्याकडे अशा बहुतेक संघटना १८६० च्या संस्था नोंदणी कायद्याखाली आणि १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाखाली, अशा दोन्हीकडे नोंदलेल्या असतात. लेटरहेडवर ‘एफ’ने सुरू होणारा विश्वस्त नोंदणी क्रमांक असेल, तर नवी कार्यकारिणी रीतसर निवडून आली की नाही, हे धर्मादाय कार्यालयात ठरते, १९५० च्या अधिनियमाच्या कलम २२ खालच्या चेंज रिपोर्टच्या, म्हणजे कार्यकारिणीतला बदल कळवणाऱ्या अहवालाच्या चौकशीत. दिवाणी न्यायालयात दावा लावलात, तर समोरचा वकील पहिल्याच तारखेला त्याच अधिनियमाचे कलम ८० पुढे करील: असे प्रश्न दिवाणी न्यायालयाच्या कक्षेत येत नाहीत.

आता तुमच्या कैफियतीबद्दल. मूळ पत्रात ६२ नावांवर तुम्ही दोन पाने लिहिलीत आणि स्वतःच्या पावतीवर चार ओळी. उलटे हवे होते. लोकसभा-विधानसभा निवडणुकांसाठीच्या लोकप्रतिनिधित्व कायद्याचे कलम १०० पाहा. अर्ज चुकीने बाद झाला असेल, तर तेवढ्यावरच निवडणूक रद्द होऊ शकते. कारण त्या उमेदवाराला किती मते पडली असती हे कोणीच सांगू शकत नाही. चुकीच्या मतांबाबत मात्र निकालावर परिणाम झाला हे दाखवावे लागते. तो कायदा तुमच्या संघटनेला थेट लागू नाही, पण युक्तिवाद त्याच वाटेने जातो. विरोधी पॅनेल ८० मतांनी जिंकले, तर ६२ नावांचे काय करणार?

म्हणून पावती धरा. पावतीवरची तारीख म्हणजे खजिनदार पावतीपुस्तक घेऊन कधी बसले, ती तारीख. पैसे संघटनेच्या खात्यात कधी जमा झाले, ते बँकेचा उतारा सांगेल. व्यवहार क्रमांकासह तो बँकेच्या शिक्क्यानिशी घ्या आणि आजच निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांकडे फेरविचाराचा लेखी अर्ज द्या. घटनेत अपिलाची सोय असेल तर तीही वापरा, नाहीतर ‘घरातला मार्ग सोडून बाहेर आले’ असे ऐकावे लागेल. पोच घेतल्याशिवाय उठू नका. घेत नसतील तर ईमेल आणि स्पीड पोस्ट.

त्याच अर्जात ६२ जणांच्या मतपत्रिका वेगळ्या सीलबंद पाकिटात ठेवण्याची मागणी करा. वादग्रस्त मते वेगळी ठेवायला न्यायालयांनी सांगितल्याची उदाहरणे आहेत. एकदा सगळ्या मतपत्रिका एकाच पेटीत मिसळल्या की पुढे कोणालाच काही सिद्ध करता येत नाही. आणि निकालानंतर अभिनंदनाच्या ठरावाला हात वर करू नका. हार घालतानाचे फोटो नंतर पुराव्यात निघतात.

निकाल लागला की नव्या कार्यकारिणीने ९० दिवसांत चेंज रिपोर्ट दाखल करायचा असतो. सभासद म्हणून तुम्ही ‘हितसंबंधित व्यक्ती’ ठरता. १९५० च्या अधिनियमाच्या कलम ७३अ खाली चौकशीत पक्षकार होण्याचा अर्ज करा. नोटिशीची वाट पाहत बसू नका. बदल तात्पुरता मंजूर करून हरकती मागवण्याची सोय कायद्यात आहे आणि मुदतीत हरकत आली नाही, तर तोच आदेश कायम होतो. आदेश विरोधात गेला तर कलम ७० खाली अपील आहे.

या चौकश्या रेंगाळतात. कार्यकारिणीची मुदत संपते, तरी निकाल येत नाही, असेही होते. खुर्चीसाठीच लढायचे असेल, तर खर्चाचा विचार आधी करा.

एक काम मात्र उद्या सकाळीच करा. धर्मादाय कार्यालयातून घटनेची प्रमाणित प्रत काढा. सभासदांत फिरणारी झेरॉक्स आणि दप्तरी असलेली घटना यांत अनेकदा फरक असतो. दुरुस्ती सभेत मंजूर होते, पण पुढे नोंदवायची राहून जाते. ३१ मार्चची अट त्या प्रतीत आहे का, हे मी सगळ्यात आधी पाहीन.