देणं ठेवून खुर्चीवर बसू नकोस

चि. पोरी,

परवा तुझ्या पोस्टिंगसाठी कोणी पैसे भरण्यावरून बोलताना तू म्हणालीस, "काका, रॉड्रिगोनं मतं विकत घेतली, पण राज्य तर केलं ना?" तेव्हापासून मला चैन नाही. पोप झालेल्या या रॉड्रिगोवरची मालिका 'द बोर्जियाज' मीही पाहिली आहे. रॉड्रिगो झालेला जेरेमी आयर्न्स पोपच्या झग्यात इतका शोभतो की आपण नकळत त्याच्याच बाजूचे होतो. पण तू फक्त निवडणूक पाहिलीस, वसुली पाहिली नाहीस.

१४९२ च्या ऑगस्टमध्ये रॉड्रिगो बोर्जिया पोप सहावा अलेक्झांडर झाला. पोप निवडणाऱ्या कार्डिनलांपैकी आस्कानियो स्फोर्झानं आपलं वजन त्याच्या पारड्यात टाकलं होतं. त्याबद्दल त्याला रॉड्रिगोनं पस्तीस वर्षं सांभाळलेलं चर्चच्या व्हाइस चॅन्सेलरचं पद मिळालं, रोममधला वाडा मिळाला. तरी फिटलं नाही. पुढच्या जूनमध्ये पोपची मुलगी लुक्रेत्सिया स्फोर्झांच्या घरात दिली. वय तेरा! १४९७ मध्ये वारं फिरलं, तेव्हा नवऱ्याला नपुंसक ठरवून तेच लग्न मोडलं. त्या पोरीला कोणी विचारलं होतं का?

देणं ठेवून खुर्चीवर बसू नकोस.

पोस्टिंगसाठी पैसे भरायला जो माणूस तयार आहे, तो तुझ्या हुशारीवर खूश होऊन भरत नाहीये. एवढं शिकलीस, आणि हे मी सांगायचं?

मी सांगतो, कारण मी ते केलंय. गावाजवळ बदली हवी होती, पैसे एका ठेकेदारानं दिले. आठ महिन्यांनी त्याच्याच रस्त्याची एमबी, म्हणजे कामाची मोजमाप वही, माझ्यासमोर आली. सोलिंग, म्हणजे रस्त्याखालचा दगडांचा थर, पंधरा सेंटीमीटर भरलं होतं. मी तेवीस लिहिलं. तो समोर चहा पीत बसला होता, एक शब्द बोलला नाही. बोलायची गरजच नव्हती. आई अंथरुणाला खिळलेली होती, मी जवळ असणं भागच होतं, हे आजही खरं वाटतं मला. पण पहिल्याच पावसात तो रस्ता उखडला, हेही खरंच आहे.

त्यानंतर बदलीसाठी रुपया दिला नाही. चार जिल्हे हिंडलो, तुझी काकू अजून बोलून दाखवते. बोलू दे. देणं ठेवून खुर्चीवर बसू नकोस, लांबची खुर्ची घे.

"आधी पद मिळू दे, मग चांगलं काम करीन" हे मला ऐकवू नकोस. मीही असंच म्हणायचो.

त्या माणसाला उद्याच फोन करून नाही म्हण. पोस्टिंग लांब मिळालं तर सामान लावायला मी येतो.

तुझा,
काका