'गीकिली' कुठे वापरायचं
लेकरा, लातूरच्या इंग्रजीच्या क्लासमध्ये 'गीकिली' (geekily) हा शब्द ऐकून तू वहीत 'पुस्तकी किड्यासारखं' असा अर्थ लिहिलास. तो अर्धाच आहे. 'हॅपी'चं 'हॅपिली' होतं, तसं 'गीकी'चं 'गीकिली'. वेरूळचं 16 क्रमांकाचं कैलास लेणं वरून खाली कसं कोरत आणलं, हे जेवण विसरून सांगत बसणारा आपला दोस्त आठव. 'ही गीकिली एक्स्प्लेन्ड इट' म्हणजे तो झपाटल्यासारखा, बारकाव्यांत रमून सांगत होता. मला हा अर्थ फार आवडतो. पूर्वी अमेरिकेत जत्रेत विचित्र खेळ करणाऱ्याला 'गीक' म्हणत, त्यामुळे टोमण्याची छटा अजून आहे. अनोळखी माणसाबद्दल जपून वापर. नोकरीच्या अर्जात तर नकोच, तिथे 'एन्थुझिॲस्टिकली', म्हणजे 'उत्साहाने', लिही.