४,००० मीटर उंचीवरच्या ओसाड माळावर पोतोसीसारखं प्रचंड शहर कसं उभं राहिलं आणि चाललं?

तुम्ही विचारलंय की बोलिव्हियातल्या पोतोसीत धड शेती होत नाही, झाडं नाहीत, मग स्पॅनिश काळात तिथे एवढी वस्ती कशी झाली. ‘का’चं उत्तर सोपं आहे: चांदी. ‘कसं’चं उत्तर मात्र चांदीच्या डोंगरात अर्धंच सापडतं. उरलेलं अर्धं शहराच्या पूर्वेकडच्या तळ्यांत आहे, आणि त्याच्याकडे फार कमी लोक बघतात.

आधी जागा समजून घ्या. विषुववृत्ताच्या उत्तरेला मुंबई जेवढी दूर, जवळपास तेवढंच पोतोसी दक्षिणेला. म्हणजे उष्ण कटिबंधातलंच गाव, पण उंचीने सगळं पालटतं. हवेचा दाब समुद्रकिनाऱ्याच्या साठ टक्क्यांच्या आसपास, पाणी ८६-८७ अंशांनाच उकळतं, हिवाळ्यात रात्री सगळं गोठतं. माळावर ‘इचू’ नावाचं राठ गवत तेवढं उगवतं. मका, गहू, कोकाची पानं, लाकूड हे सगळं खालच्या खोऱ्यांतून लामांच्या (उंटाच्या कुळातला तिथला ओझेवाहू प्राणी) नाहीतर खेचरांच्या पाठीवर यायचं. शहराच्या दक्षिणेला सेर्रो रिको हा सुमारे ४,८०० मीटरचा तांबूस शंकू आहे, तर पूर्वेला कारी-कारीची रांग. तिथे जुन्या हिमनद्यांनी कोरलेले खोलगट भाग आहेत. हे खोलगट भाग लक्षात ठेवा.

१५४५ साली चांदीचा शोध लागला. पहिली वीस-पंचवीस वर्षं वरचं खनिज इतकं कसदार होतं की स्थानिक लोक ते ‘ग्वायरा’त वितळवत. ग्वायरा म्हणजे भोकं पाडलेली मातीची छोटी भट्टी. तिथल्या स्थानिक केचुआ भाषेत या शब्दाचा अर्थच वारा. भाता नाही, उतारावर ठेवायची आणि वाऱ्याने पेटायची. जळण म्हणून गवत आणि लामांच्या लेंड्या. रात्री डोंगरावर हजारो भट्ट्या चमकत, असं त्या काळच्या लेखकांनी लिहून ठेवलंय. पण कसदार थर संपत आला आणि हलकं खनिज ग्वायरात परवडेना. १५६०च्या दशकात शहर ओस पडायच्या वाटेवर होतं.

ते वाचलं पाऱ्यामुळे. पाऱ्याने चांदी वेगळी करायची रीत मेक्सिकोत १५५०च्या दशकात बसली होती, आणि पेरूतल्या वांकावेलिकाला १५६३-६४च्या सुमारास पाऱ्याची खाण हाती लागली. व्हाइसरॉय फ्रान्सिस्को दे तोलेदो १५७२ला पोतोसीत आला तेव्हा त्याने या दोन गोष्टींची सांगड घातली. कृती थोडक्यात अशी. खनिज मुसळांच्या गिरणीत पिठासारखं कुटायचं आणि चाळायचं. भरड राहिलं तर पारा आत पोचत नाही, चांदी गाळातच राहते. मग ते ‘काहोन’ नावाच्या दगडी हौदात भरायचं. एका हौदाला ५० किंताल, म्हणजे सुमारे २,३०० किलो. त्यात मीठ, तांब्याचं भाजलेलं खनिज आणि पाणी घालून चिखल करायचा, कापडातून पिळून बारीक थेंबांनी पारा सोडायचा आणि पायांनी तुडवत राहायचं. मीठ आणि तांबं मिळून चांदीला गंधकापासून सोडवतात, मग पारा ती धरतो. मेक्सिकोत हे उघड्या अंगणात उन्हावर होई. पोतोसीच्या थंडीत ते रेंगाळे, म्हणून सुरुवातीला हौदांखाली जाळ घालावा लागला. आठवड्यांनी चिखल धुऊन काढायचा, खाली बसलेला गोळा जाड कापडात पिळायचा आणि तापवून उरलेला पारा उडवायचा. मागे राहते ती सच्छिद्र चांदी, ‘पिन्या’.

बिघाड कुठे होई? तांबं जास्त पडलं की पाराच खाल्ला जाई, तो काळवंडून भुगा होई, मग चुना टाकून आवरावं लागे. तांबं कमी पडलं की काम पुढे सरकत नसे. सगळं नीट जमलं तरी एक भाग चांदीमागे दीड-दोन भाग पारा कायमचा जाई, काही धुराबरोबर, काही ओढ्यात. तो धूर कामगारांच्या अंगात जाई. पाऱ्याचा व्यापार सरकारने स्वतःकडे ठेवला होता. कोणाला किती पारा विकला यावरून किती चांदी निघायला हवी याचा अंदाज बांधता येई, आणि राजाचा पाचवा हिस्सा कोण चुकवतोय हे ताडता येई.

आता पाणी. मुसळं उचलायला पाणचक्क्या लागत आणि इथे पाऊस मुख्यतः डिसेंबर ते मार्च. उरलेलं वर्ष गिरण्या बंद ठेवाव्या लागल्या असत्या. म्हणून १५७०च्या दशकापासून कारी-कारीच्या त्या खोलगट भागांच्या तोंडाशी बांध घालून तळी केली, पाटांनी एकमेकांना जोडली आणि पाणी शहराच्या मधून जाणाऱ्या ‘रिबेरा’ या बांधीव ओढ्यात सोडलं. त्याच्या काठाने शंभरावर गिरण्या. एका गिरणीचं चाक फिरवून निघालेलं पाणी खालच्या गिरणीला. रिबेराच्या उत्तरेला चौकोनी आखणीचं स्पॅनिश गाव, दक्षिणेला डोंगराच्या बाजूला स्थानिक मजुरांच्या वस्त्या. मला ही जलव्यवस्था पोतोसीतली सर्वांत मोठी करामत वाटते. तिचा धोकाही तिच्याच रचनेत होता. १५ मार्च १६२६ला, पावसाळ्याच्या अखेरीस, सान इल्देफोन्सो तळ्याचा बांध फुटला. गिरण्या एकाच ओढ्यावर ओळीने, त्यामुळे एकच लोंढा जवळपास सगळ्यांना घेऊन गेला, आणि हौदांतला पारा खालच्या नद्यांत उतरला.

बांध, गिरण्या, खाणी यांना माणसं आली ती ‘मिता’ या वेठीतून. तोलेदोने १६ प्रांतांवर ती लादली: दर वर्षी सातातला एक पुरुष, एकूण साधारण १३,५००. एक आठवडा काम, दोन आठवडे सुटी, म्हणजे एका वेळी सुमारे ४,५००. तितिकाका सरोवराकडून बायकापोरं, लामा घेऊन यायलाच दोन महिने लागत. नाममात्र मजुरीत पोट भरत नसे, म्हणून सुटीच्या आठवड्यांत हीच माणसं रोजंदारीवर राबत. वेठ चुकवायला लोक गावं सोडून पळाले. मग गावप्रमुखांनी माणसाऐवजी रोकड भरायची, आणि ती काही खाणमालक सरळ खिशात घालत. अशा मजुरांना ‘खिशातले इंडियन’ म्हणत; इंडियन म्हणजे इथे तिथले मूळ रहिवासी.

इथे एक दुरुस्ती. ‘पोतोसीत ८० लाख माणसं मेली’ हे वाक्य सगळीकडे फिरतं. त्याला त्या काळच्या नोंदींचा आधार नाही. दगडाच्या धुळीने सडलेली फुप्फुसं, पाऱ्याची कापरी, ओस गावं हे सगळं मात्र नोंदलेलं आहे. ते सांगायला फुगवलेला आकडा लागत नाही.

आपल्याशी संबंध आहे, आणि तो खरा आहे. पोतोसीच्या टाकसाळीत पाडलेली आठ रेआलची (रेआल हे स्पॅनिश चलन) चांदीची नाणी, वजन सुमारे २७ ग्रॅम, लिस्बनच्या जहाजांनी मिरीच्या खरेदीसाठी गोव्याला येत. सुरतेत अशीच नाणी वितळवून मुघल रुपया पडे. आपले सराफ छाप न बघता वजन आणि कस बघत. ते शहाणपणाचंच होतं: १६४९ला पोतोसीच्या टाकसाळीत चांदी कमी घातल्याचा घोटाळा उघडकीला आला, त्यात फाशी झाल्या आणि १६५२पासून नाण्याचा ठसाच बदलला.

उपग्रह नकाशावर बघायचं असेल तर आधी सेर्रो रिको शोधा, मग पूर्वेला सरका. डोंगरकुशीत निळे ठिपके दिसतील. ती हीच तळी.