पुलावरच्या जोड्या आणि डोक्यावरचा रुमाल

प्रश्न : ताई, इजिप्तमधल्या तरुणांच्या प्रेमावरचा एक माहितीपट पाहिला. कैरोच्या पुलावर हिजाब घातलेल्या मुली आपापल्या मित्रांना खेटून उभ्या होत्या. डोकं झाकायचं आणि प्रेमही करायचं, हे विसंगत नाही का?
– एक वाचक, नाशिक

उत्तर : तो पूल कस्र अल-नीलचा असणार. नवऱ्याच्या नोकरीमुळे मी तीन वर्षं कैरोत होते, संध्याकाळी तिथेच फिरायला जायचे. दोन्ही टोकांना कांस्याचे सिंह आणि कठड्याशी जोड्या, पाठ रहदारीकडे, तोंड नदीकडे. हातात तिर्मिसची पुडी. तिर्मिस म्हणजे वालासारखे चपटे, पिवळे, खारवलेले दाणे.

हिजाब म्हणजे केसांवरचा रुमाल. चेहरा झाकतो तो निकाब. आपण दोन्हींना बुरखा म्हणून मोकळे होतो. १९२३ साली रोमची स्त्री-परिषद आटोपून आलेल्या, स्त्रियांच्या हक्कांसाठी लढणाऱ्या हुदा शारावींनी कैरो स्टेशनावर चेहऱ्यावरचा पडदा दूर केला. पुढे शहरातल्या कितीतरी बायका उघड्या डोक्यानं वावरल्या. १९६७च्या युद्धात इस्रायलकडून झालेल्या पराभवानंतर, सत्तरच्या दशकात, विद्यापीठातल्या मुली रुमाल बांधू लागल्या. त्यांतल्या कित्येकींच्या आयांनी तो कधी बांधलाच नव्हता!

माझ्या शेजारणीची मुलगी रोज पर्सच्या रंगाचा रुमाल निवडायची. देवाला दिलेला शब्द वेगळा आणि होणाऱ्या नवऱ्यावरचा जीव वेगळा, असं ती म्हणायची. मला त्यात विसंगती दिसली नाही, आजही दिसत नाही.

तिचं अडलं होतं ते फ्लॅटपायी. तिकडे नवऱ्या मुलानं शबका, म्हणजे सोनं, घालायचं आणि राहायला घरही द्यायचं. नवे फ्लॅट बहुधा नुसत्या विटांचे मिळतात. गिलावा, फरशी, नळ सगळं आपण करायचं. नोकरीच्या पगारात ते कधी व्हायचं? थांबवेना म्हणून काही मुलंमुली उर्फी लग्न करतात. दोन साक्षीदार, एक कागद, नोंदणी नाही. मुलगा उलटला की कागद फाटतो आणि निस्तरायचं मुलीनं. याची मला फार चीड येते. २०००च्या कायद्यानं अशा लग्नातल्या बाईला लेखी पुराव्यावर घटस्फोट मागता येतो, पण पुरावा त्या कागदाचाच!

शेजारणीच्या मुलीनं तो मार्ग धरला नाही. मी कैरो सोडलं तेव्हा तिच्या साखरपुड्याला चार वर्षं झाली होती आणि फ्लॅटला खिडक्या बसायच्या होत्या.