वाचकांचे प्रश्न : प्राचीन आयर्लंडची माणसे, त्यांचे कायदे आणि त्यांच्या कथा

मागील अंकात प्राचीन आयर्लंडविषयी लेख आल्यानंतर बरीच पत्रे आली. त्यांतील निवडक प्रश्नांची उत्तरे येथे देत आहोत. एकाच आशयाचे प्रश्न एकत्र केले आहेत.

प्रश्न : आयरिश लोक म्हणजे केल्ट, असे सगळीकडे वाचायला मिळते. हे केल्ट मध्य युरोपातून आले आणि त्यांनी आयर्लंड जिंकून घेतले, हे खरे आहे का?

उत्तर : हे चित्र दीर्घकाळ रूढ असले, तरी आज ते जसेच्या तसे स्वीकारता येत नाही. ग्रीक आणि रोमन लेखकांनी ‘केल्ट’ हे नाव युरोपच्या मुख्य भूमीवरील लोकांना दिले होते. आयर्लंडच्या रहिवाशांना ते नाव त्यांनी लावले नाही आणि मध्ययुगातील आयरिश लेखकांनीही स्वतःला कधी केल्ट म्हणवून घेतले नाही. वेल्श पंडित एडवर्ड लॉइड यांनी १७०७ साली आयरिश, वेल्श, ब्रेटन इत्यादी भाषांचे नाते पद्धतशीरपणे मांडले, आणि त्यानंतर हे नाव आधी त्या भाषांना व मग त्या बोलणाऱ्या लोकांना चिकटले. आयरिश ही केल्टिक कुळातील भाषा आहे, याबद्दल वाद नाही. पण भाषा बाहेरून आली म्हणून ती बोलणारा सारा समाज एका स्वारीत बाहेरून आला, असा निष्कर्ष काढता येत नाही, आणि लोहयुगात अशी एखादी मोठी स्वारी झाल्याच्या खुणा उत्खननांत सापडलेल्या नाहीत.

प्राचीन हाडांतील डीएनएच्या अभ्यासाने या प्रश्नाला नवे वळण दिले. बेलफास्टजवळच्या बॅलिनाहॅटी येथील सुमारे पाच हजार वर्षांपूर्वीची एक शेतकरी स्त्री आणि रॅथलिन बेटावरील कांस्ययुगातील तीन पुरुष यांच्या जनुकांचा अभ्यास २०१५ साली प्रसिद्ध झाला. त्या स्त्रीचे बहुतेक पूर्वज मूळच्या पश्चिम आशियाई शेतकऱ्यांपैकी होते, तर त्या पुरुषांमध्ये काळ्या समुद्राच्या उत्तरेकडील गवताळ प्रदेशातून आलेल्या वंशाचा मोठा वाटा होता. आजच्या आयरिश लोकांशी जवळीक दिसते ती या पुरुषांची. म्हणजे आजच्या आयरिश लोकसंख्येची घडण मुख्यतः कांस्ययुगातच, ज्यांना इतिहासकार केल्ट म्हणत आले त्यांच्या कितीतरी आधी, सुरू झाली होती.

प्रश्न : न्यूग्रेंजचे प्रचंड दगडी थडगे देवांनी बांधले, अशी आयरिश कथा आहे. प्रत्यक्षात ते कोणी बांधले? आणि कथेत काही ऐतिहासिक आठवण शिल्लक असू शकते का?

उत्तर : बॉइन नदीच्या खोऱ्यातील हा ढिगारा इ.स.पूर्व ३२०० च्या सुमारास, म्हणजे गिझाच्या पिरॅमिडांच्याही आधी, तिथल्या पहिल्या शेतकऱ्यांच्या वंशजांनी उभारला. त्याचा व्यास सुमारे ८५ मीटर आहे. आत १९ मीटर लांबीचा अरुंद मार्ग असून तो एका दालनात उघडतो. दालनाचे छत दगडांचे थर एकावर एक, प्रत्येक थर थोडा आत सरकवत, चुना-मातीशिवाय रचलेले आहे आणि पाच हजार वर्षांनंतरही ते उभे आहे. प्रवेशद्वाराच्या वर एक झरोका ठेवलेला आहे. डिसेंबरमधील सर्वांत लहान दिवसाच्या आसपास सूर्य उगवला की त्याचा किरण या झरोक्यातून थेट दालनाच्या जमिनीपर्यंत पोहोचतो आणि सुमारे १७ मिनिटे तिथे राहतो. उत्खनन करणारे प्राध्यापक मायकेल ओ’केली यांनी २१ डिसेंबर १९६७ रोजी आत बसून हे दृश्य पाहिले.

मध्ययुगीन कथांत हेच ठिकाण दग्दा या थोर देवाचे निवासस्थान आहे आणि त्याचा मुलगा एंगस ते युक्तीने मिळवतो. तो एक दिवस आणि एक रात्र राहण्याची परवानगी मागतो आणि मुदत संपल्यावर सांगतो की काळ म्हणजे दिवस आणि रात्रच, तेव्हा हे घर कायमचे माझे झाले. तीन पावले भूमी मागणारा वामन ज्यांना ठाऊक आहे, त्यांना या मागणीतली मेख चटकन उमगेल.

तुमच्या प्रश्नाचा दुसरा भाग २०२० नंतर अधिक महत्त्वाचा झाला आहे. न्यूग्रेंजच्या दालनातील एका पुरुषाच्या जनुकांवरून असे दिसले की त्याचे आईवडील सख्खी भावंडे तरी होती किंवा एक दुसऱ्याचे अपत्य तरी. अशी नाती राजघराण्यातच, तेही क्वचित, मान्य होतात. त्यावरून हा पुरुष दैवी मानल्या गेलेल्या घराण्यातील असावा, असे संशोधकांनी सुचवले. योगायोग असा की जवळच्याच डाउथ या थडग्याबद्दल एक मध्ययुगीन कथा आहे. गुरांवर साथ आलेली असताना राजा सारी माणसे गोळा करून आकाशापर्यंत मनोरा बांधायला घेतो. काम पुरे होईपर्यंत मावळू नये म्हणून त्याची बहीण मंत्राने सूर्य थांबवते. पण राजा बहिणीशी संग करतो, मंत्र तुटतो आणि अंधार पडतो.

या साम्याने मन थरारते, हे मी मान्य करतो. तरीही चार हजार वर्षे ही आठवण तोंडातोंडी टिकली, असे म्हणायला मी धजणार नाही, कारण मधल्या काळात बेटावरची लोकसंख्या मोठ्या प्रमाणात बदलली आणि भाषाही बदलली. सूर्याकडे तोंड करून बांधलेले थडगे पाहणाऱ्या कोणत्याही पिढीला सूर्याची कथा सुचू शकते. प्राचीन दगडांना नवी कथा जोडत राहणे हीसुद्धा एक परंपराच आहे.

प्रश्न : आयरिश कथांतील तुआहा दे दानन हे देव होते की माणसे? वेगवेगळ्या ठिकाणी वेगवेगळे लिहिलेले आढळते.

उत्तर : तुम्हाला आढळलेला हा घोळ मूळ पोथ्यांतच आहे. आयर्लंडच्या कथा लिहून ठेवल्या त्या ख्रिस्ती मठांतील विद्वानांनी. रोमने हे बेट कधीच जिंकले नाही. पाचव्या शतकात ख्रिस्ती धर्म पसरू लागला आणि त्याच्याबरोबर लॅटिन लिपी व पोथी लिहिण्याची रीत आली. त्याआधीच्या काळापासून दगडांच्या कडांवर रेघा कोरून नावे लिहिण्याची ओगम लिपी होती, पण तिच्यात कथा लिहिल्या गेल्या नाहीत. मठवासींना आपल्या पूर्वजांचे देव टाकवत नव्हते आणि पूजवतही नव्हते. म्हणून अकराव्या शतकात आयर्लंडवरील आक्रमणांची कथा सांगणारा जो ग्रंथ सिद्ध झाला, त्यात या देवांना बायबलच्या वंशावळीत बसवून जादू जाणणाऱ्या एका मानवी टोळीचे रूप दिले गेले. नंतर आलेल्या मिलीच्या वंशजांनी, म्हणजे कथेनुसार आयरिश लोकांच्या पूर्वजांनी, त्यांना हरवले आणि ते टेकड्यांखाली राहायला गेले, असे ही परंपरा सांगते. काही लेखकांनी त्यांना अर्धवट पतित देवदूत मानले. यातले एक मत खरे आणि बाकीची खोटी असा निवाडा करू नये. शुद्ध ‘मूळ’ पुराण वेगळे काढण्याच्या हट्टाने या साहित्याचे बरेच नुकसान झाले आहे, असे माझे मत आहे.

याचा अर्थ कथांत जुने काहीच नाही, असा मात्र नाही. मॉयटुराच्या लढाईत तुआहा दे दाननचा राजा नुआदा याचा हात तुटतो आणि त्याला राज्य सोडावे लागते, कारण अंगात व्यंग असलेला माणूस राजा राहू शकत नाही. पुढे वैद्य त्याला चांदीचा हात बसवतो. ही निव्वळ कल्पना वाटेल. पण मधमाश्यांविषयीच्या एका जुन्या आयरिश कायदेग्रंथात काँगल नावाच्या राजाचा उल्लेख आहे. मधमाशी चावून त्याचा एक डोळा गेला आणि त्यामुळे त्याला तारा येथील राजपद गमवावे लागले. हा काँगल कथेतला नव्हे, इतिहासातला राजा आहे. तो ६३७ साली लढाईत मारला गेला. म्हणजे नुआदाची कथा लिहिणाऱ्याच्या मागे राजाच्या देहाविषयीची एक जिवंत कल्पना होती, आणि ती कायदेग्रंथातही नमूद होण्याइतकी गंभीर होती.

प्रश्न : एका बैलासाठी युद्ध झाले, या कथेला आयरिश लोक आपले महाकाव्य कसे मानतात?

उत्तर : ज्या समाजात नाणी नव्हती आणि माणसाची पत गुरांवर ठरत होती, तिथे बैल हे क्षुल्लक कारण नव्हे. आपल्याकडे विराटाच्या गाईंसाठी कौरवांनी सैन्य नेलेच होते. आयरिश कथेत कॉनाक्ट प्रांताची राणी मेव्ह आणि तिचा नवरा आलिल अंथरुणात पडल्या पडल्या दोघांपैकी अधिक श्रीमंत कोण, यावर वाद घालतात. भांडी, अंगठ्या, मेंढ्या, घोडे, डुकरे सारे समोर आणून मोजले जाते आणि सगळे समसमान निघते. फरक उरतो तो एका पांढऱ्या शिंगांच्या बैलाचा : तो मेव्हच्याच कळपात जन्मला होता, पण बाईच्या मालकीत राहणे कमीपणाचे वाटून आलिलच्या कळपात गेला होता. त्याच्या तोडीचा बैल अल्स्टर प्रांतातील कूलीत असतो. तो वर्षभरासाठी मागून आणण्याचा सौदा ठरतोही. पण दारूच्या नशेत मेव्हचा एक माणूस, दिला नसता तर बळाने नेला असता, असे बरळतो आणि सौदा मोडतो. पुढे अल्स्टरच्या वतीने कूहुलिन हा वीर एकटा लढतो. नदी पायी ओलांडण्याच्या जागी त्याला आपला जिवलग मित्र फेर्दिआ याच्याशी झुंजावे लागते. दिवसभर लढून संध्याकाळी दोघे एकमेकांकडे औषधी आणि अन्न पाठवतात.

बाराव्या शतकातील लेन्स्टरच्या पोथीत या कथेच्या शेवटी दोन पुष्पिका, म्हणजे लेखनिकाच्या समारोपाच्या नोंदी, आहेत. आयरिश भाषेतील पहिली, ही कथा जशीच्या तशी पाठ करणाऱ्याला आशीर्वाद देते. लॅटिनमधील दुसरीत लेखनिक म्हणतो की यातल्या गोष्टींवर माझा विश्वास नाही, काही सैतानाच्या करामती आहेत, काही कवींच्या कल्पना आणि काही मूर्खांच्या करमणुकीसाठी आहेत. वर मठवासींविषयी जे लिहिले, ते पाहायचे असेल तर हे एक पान पुरेसे आहे.

प्रश्न : हॅलोवीन हा मूळचा आयरिश सण आहे का?

उत्तर : बराचसा. १ नोव्हेंबरला येणारा साउइन हा हिवाळ्याच्या आरंभाचा सण होता आणि त्या रात्री टेकड्यांखालचे जग उघडते, असे कथांत वारंवार येते. ख्रिस्ती संतांचा सण त्याच तारखेला आला आणि पुढे आयरिश स्थलांतरितांनी आपल्या चालीरीती अमेरिकेत नेल्या.

प्रश्न : कर्जदाराच्या दारात उपास करून बसण्याची प्रथा आयर्लंडमध्येही होती, असे ऐकले. आपल्याकडील धरण्याशी तिचा संबंध आहे का?

उत्तर : प्रथा होती, आणि ती सातव्या-आठव्या शतकांतील कायदेग्रंथांत नोंदलेली आहे. सामान्य ऋणकोची गुरे ओढून नेण्याचा अधिकार धनकोला ठरावीक मुदतीनंतर मिळत असे. पण ऋणको राजा, कवी किंवा धर्मपुरुष अशा मानाच्या वर्गातील असेल, तर धनकोला आधी त्याच्या घरापाशी उपास करावा लागे. न्याय्य उपासाची दाद न घेणाऱ्या माणसाचे कायदेशीर संरक्षणच संपत असे. पुढे कोणी त्याचा अपराध केला तरी त्याला भरपाई मिळत नसे. उलट, योग्य तडजोड समोर ठेवल्यावरही जो उपास चालूच ठेवी, त्याचा दावा बुडत असे. ही दुहेरी वेसण मला फार शहाणपणाची वाटते.

धरण्याशी असलेले साम्य ब्रिटिश कायदेपंडित हेन्री मेन यांनी १८७५ सालीच दाखवून दिले होते. दोन्ही प्रथा एकाच इंडो-युरोपीय वारशातून आल्या, असे काही अभ्यासक मानतात. मला दुसरे स्पष्टीकरण अधिक पटते. आयर्लंडमध्ये लहान लहान राजे पुष्कळ होते, पण निकालाची अंमलबजावणी करणारी यंत्रणा नव्हती. अशा ठिकाणी बलवानाला नमवायचे तर त्याच्या प्रतिष्ठेलाच हात घालावा लागतो. या प्रथेची पकड इतकी घट्ट होती की संत पॅट्रिकच्या मध्ययुगीन चरित्रात तो डोंगरावर चाळीस दिवस उपाशी बसून थेट देवाकडून आपल्या मागण्या मान्य करून घेतो, आणि देवदूत त्याच्याशी एकेका मागणीवर घासाघीस करतो.